तीन मिनिटं

नवा कोरा म्हणून आणला
ग्दिन्याच्या स्टेशनामागच्या दुकानातून,
पेन्शनीतले अठराशे झ्लोटी मोजून.
झाकण उघडलं तर आत
माझ्याआधीच बिऱ्हाडं मांडलेली.

कुणी गोळ्या-चॉकलेटं फोडत होतं.
कुणाच्या शेतात गाजरं पिकून उभी,
मी येऊन उपटायची वाट बघत.
एक जुगारअड्डा, त्याला लाल पडदे.
एक पहारेकरी, तीस दिवस फुकट;
एकतिसाव्या दिवशी तोच दारात हात पसरणार.
आणि कोपऱ्यात हवामान:
वॉर्सा. ऊन. मंद वारा.

मला सांगतंय हवामान!
एकतीस वर्षं या किनाऱ्यावर
बिनतारी केंद्राच्या त्या डुगडुगत्या खुर्चीत बसून
मी बोटींना वादळं वाचून दाखवली.
खिडकीबाहेर बघ, म्हटलं त्याला,
नैऋत्येचा सुटलाय सकाळपासून,
धक्क्यावरच्या दोऱ्या शीळ घालताहेत.

वरच्या मजल्यावरचा क्साव्हेरी आला,
सातवीतला, नाकात सर्दी.
"काय काय काढू, बोगुमिलाबाई?"
"न बोलावता आलेलं सगळं."

मग एकेकाची बोळवण.
शेत गेलं, गाजरांसकट.
गोळ्या विचारत राहिल्या, नक्की? अगदी नक्की?
जुगारअड्डा म्हणाला, निदान दोनशे नाणी तरी घेऊन जा.
पहारेकऱ्यानं कारण मागितलं,
पाच पर्याय दिले;
'तू नकोस' हा त्यात नव्हता.
दोघं-तिघं असे चिकट
की त्यांच्यासमोर 'काढा' हे बटणच नाही,
घरमालकाचे भाचे असावेत तसे.
क्साव्हेरीनं एक काळी खिडकी उघडली,
नाक ओढत दोन ओळी टाइप केल्या
आणि भाच्यांनाही जिना दाखवला.

"पत्त्यांचा डाव ठेवू? माझी आजी खेळते."
"खेळू दे तिला. मला पत्ते हातात लागतात."

त्याला सफरचंदाचा केक दिला.
घड्याळाबद्दल त्यानं विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

ते केंद्रातलं आहे, स्वयंपाकघराच्या भिंतीवरचं,
केंद्र बंद झालं त्या दिवशी भंगारातून उचललेलं.
तबकडीवर दोन लाल पाचरी:
पंधरा ते अठरा,
पंचेचाळीस ते अठ्ठेचाळीस.
काटा पाचरीत शिरला की समुद्रभर सगळ्यांनी गप्प बसायचं.
मालाच्या याद्या, बंदरांचे भाव,
वाढदिवसाच्या तारा,
सगळी मोर्सची किरकिर थांबायची
आणि आम्ही कान द्यायचे
कुणी बारीक आवाजात बुडतंय का.
बहुतेक वेळा कुणी नसायचं.
खरखर, आणि माझा श्वास.

एकदा होतं.
नोव्हेंबरात, एक मासेमारीची बोट.
अर्धंच नाव आलं.

त्या रात्रीचं लिहायला हे यंत्र घेतलं;
दुकानदाराला काय सांगणार.
क्साव्हेरी गेल्यावर पंखा मंदावला,
पडदा मोकळा, निळा,
कोपऱ्यात वॉर्साही नाही.
पान उघडलं.
बसले.
काहीच लिहिलं नाही त्या दिवशी,
नुसतं ऐकलं.

गुरुवारी यंत्रानं रातोरात स्वतःला अद्ययावत केलं
आणि येरे माझ्या मागल्या:
गाजरं पिकून उभी,
वर एक कोंबडी नवीन, पंख फडफडवणारी.

क्साव्हेरी शाळेत.
वहीच्या कागदावर तो ओळी लिहून गेला होता,
काळ्या खिडकीत टाकायच्या, हुबेहूब,
एक टिंबही इकडचं तिकडे नको.
मला शिकवतोय टिंबं!
एकेक कळ दाबत गेले,
मनगट सैल, जुन्या सवयीनं.
कोंबडी गेली. शेत गेलं.

वर पाहिलं, चव्वेचाळीस झाले होते.
चहाचा कप बाजूला सारला
आणि आलं होतं तेवढं नाव,
तेवढंच, टाइप केलं.